जितकं जवळ, तितकं ब्लॅकआउट!

शिकागोला निघालात? दोन वर्षांचं ऑनसाइट? अभिनंदन, पार्टी ड्यू! थालीपिठाची भाजणी, मेतकूट आणि थर्मल्स भरून झाले असतील, तर आता एक फुकटचा सल्ला ऐका. तिथे ऑफिसात पहिल्याच आठवड्यात कॉफी मशीनपाशी तुम्हाला कुणीतरी विचारणार, ‘कब्स की व्हाइट सॉक्स?’ म्हणजे, शहराच्या उत्तरेकडच्या बेसबॉल टीमचे तुम्ही की दक्षिणेकडच्या? ‘आम्ही क्रिकेटवाले’ हे उत्तर एकदा चालतं. दुसऱ्यांदा दिलंत की लंचला तुम्ही एकटे!

समजा, तुम्ही म्हणालात ‘कब्स’. (बहुतेक तेच म्हणाल. त्यांचं स्टेडियम फोटोत भारी दिसतं.) संध्याकाळी शॉमबर्गच्या अपार्टमेंटवर आलात, मॅगी केली, लॅपटॉप उघडला, मेजर लीग बेसबॉलच्या एमएलबी डॉट टीव्ही या अधिकृत स्ट्रीमिंग सेवेचे पैसे भरले आणि कब्सच्या मॅचवर क्लिक केलं. स्क्रीनवर निरोप येतो : ही मॅच तुमच्या भागात उपलब्ध नाही. स्टेडियम चाळीसेक किलोमीटरवर! आणि त्याच वेळी कोथरूडमधला तुमचा मित्र त्याच सेवेवर, तीच मॅच, चहात पार्ले-जी बुडवत बघतोय. सुमारे १३ हजार किलोमीटरवरून.

याला म्हणतात ब्लॅकआउट. वीज गेलेली नाही, नेट डाउन नाही. तुम्ही स्टेडियमच्या फार जवळ राहता, एवढाच तुमचा गुन्हा.

म्हणजे वानखेडेवर मुंबई इंडियन्स खेळतायत, नाशिकला मॅच दिसत नाही, सांगलीला दिसत नाही, पण टोकियोत झकास दिसतेय... असं झालं तर आपल्याकडे काय होईल? शिकागोत मात्र हे रोजचं आहे. आणि ते का, हे समजून घेता घेता अख्खं शहर बघून होतं. चला तर मग!

दादरचं शिवाजी पार्क, पण तिकीट लावून

सुरुवात रेड लाइनच्या ट्रेनपासून. शिकागोत या गाड्यांना ‘एल’ म्हणतात, कारण त्या बऱ्याच ठिकाणी रस्त्याच्या वर, उंच रुळांवरून धावतात. अ‍ॅडिसन स्टेशनला उतरायचं. मॅचच्या दिवशी पत्ता विचारायची गरजच नाही, निळ्या टी-शर्टांच्या लोंढ्यात नुसतं उभं राहायचं. चर्चगेटला उतरून वानखेडेला जातो, तसंच.

दोन मिनिटांत समोर ती लाल पाटी येते : रिग्ली फील्ड. हे स्टेडियम १९१४ सालचं. मेजर लीगमध्ये याहून जुनं एकच, बॉस्टनचं फेनवे पार्क, १९१२ सालचं. मैदानाच्या विटांच्या भिंतीवर वेल चढलाय, तो १९३७ मध्ये लावलेला. बॉल वेलात अडकला तर फलंदाजाला सरळ दोन बेस बहाल! स्कोअरबोर्डही १९३७ चाच. आतमध्ये माणसं बसून हाताने आकडे बदलतात.

पण खरी मजा आजूबाजूला आहे. अमेरिकेतली बरीच स्टेडियम्स पार्किंगच्या समुद्रात बेटासारखी उभी असतात. रिग्लीभोवती मात्र घरं आहेत. आपल्या शिवाजी पार्काभोवती आहेत ना, तशी. अगदी गच्चीवरून खेळ दिसतो. वेव्हलँड आणि शेफील्ड या दोन रस्त्यांवरचे लोक वर्षानुवर्षं गच्चीत खुर्च्या टाकून मॅच बघायचे. नंतर खुर्च्यांच्या जागी गॅलऱ्या आल्या, गॅलऱ्यांना तिकीट लागलं आणि कब्सचे मालक भडकले. आमचा माल तुम्ही विकताय! २००२ मध्ये टीमने गच्चीवाल्यांना थेट कोर्टात खेचलं. २००४ मध्ये तडजोड झाली, गच्चीवाल्यांनी उत्पन्नाचे १७ टक्के टीमला द्यायचे. पुढे मालकांच्या कुटुंबाने त्यातल्या बहुतेक गच्च्याच विकत घेतल्या. कटकटच मिटली!

गच्चीवरून दिसणारा खेळ कुणाचा? हा प्रश्न लक्षात ठेवा. टीव्हीचं भांडण हेच आहे, फक्त गच्ची जरा मोठी आहे.

च्युइंगमवाल्याचा फंडा

‘रिग्ली’ हे नाव ओळखीचं वाटलं? बरोबर, तोच च्युइंगमवाला! विल्यम रिग्ली ज्युनियर हा कब्सचा मालक होता. १९२० च्या दशकात रेडिओ नवा नवा आला, तेव्हा बऱ्याच टीममालकांना धडकी भरली. घरबसल्या फुकट ऐकायला मिळालं तर तिकीट काढून येणार कोण? रिग्लीचा फंडा उलटा होता. जेवढे लोक ऐकतील, तेवढे बघायला येतील. त्याने रेडिओवाल्यांना दार सताड उघडं ठेवलं. परिणाम? १९२७ साली एका सीझनमध्ये दहा लाखांवर प्रेक्षक खेचणारी नॅशनल लीगमधली पहिली टीम ठरली कब्स. गम विकणाऱ्या माणसाला फुकट सँपलची किंमत बरोबर कळत होती!

रेडिओची एक कथा तर सॉलिड आहे. १९३० च्या दशकात शेजारच्या आयोवा राज्यात, डे मॉइन शहरातल्या डब्ल्यूएचओ रेडिओवर एक तरुण निवेदक कब्सच्या मॅचेसची कॉमेंट्री करायचा. मॅच चालू शिकागोत, हा बसलेला पाचशेहून अधिक किलोमीटर लांब, स्टुडिओत. तारेवरून ‘बॉल’, ‘स्ट्राइक’ अशी त्रोटक माहिती यायची आणि हा पठ्ठ्या त्यात मसाला भरून असं सांगायचा, जणू समोरच बघतोय. एकदा मधेच तार बंद पडली. आता आली का पंचाईत? याने फलंदाजाला एकामागून एक फाउल मारायला लावले... तार पुन्हा सुरू होईपर्यंत! १९३७ मध्ये कब्सच्या सराव शिबिरासाठी तो कॅलिफोर्नियाला गेला, तिथे सिनेमासाठी स्क्रीन टेस्ट देऊन आला आणि पुढे अमेरिकेचा राष्ट्राध्यक्ष झाला. नाव : रोनाल्ड रीगन.

टीव्ही आला तेव्हा तोच फंडा पुढे चालला. १९४८ मध्ये डब्ल्यूजीएन ही स्थानिक वाहिनी सुरू झाली आणि त्याच वर्षी तिच्यावर कब्स दिसायला लागले. तेही फुकट, साध्या अँटेनावर. त्यात रिग्लीवर १९८८ पर्यंत दिवेच नव्हते, त्यामुळे घरच्या मैदानावरची प्रत्येक मॅच दुपारी. शाळा सुटली, दप्तर फेकलं, टीव्ही लावला की शेवटच्या इनिंग्ज चालूच असायच्या. पिढ्यांमागून पिढ्या अशाच चाहत्या झाल्या. कुणी शिकवलं नाही, कुणी मार्केटिंग केलं नाही. टीव्ही लावला, मॅच लागली. बस्स!

१९७८ पासून डब्ल्यूजीएन उपग्रहावरून देशभरच्या केबलवर गेली. १९८२ पासून तिच्यावर हॅरी कॅरी हा जाड चष्म्याचा, घोगऱ्या आवाजाचा निवेदक आला. सातव्या इनिंगच्या मध्यंतरात तो माइक खिडकीबाहेर धरून अख्ख्या स्टेडियमला गायला लावायचा. सूर? विचारूच नका. पण लोक त्याच्यासाठी टीव्ही लावायचे. १९९८ मध्ये तो गेला, रिग्लीबाहेर त्याचा पुतळा आहे. मध्य अमेरिकेतल्या चिमुकल्या बेलीझमध्येसुद्धा केबलवाल्यांनी हा सिग्नल खेचून घरोघरी दिला आणि तिथे कब्सचे चाहते तयार झाले. कधीही शिकागो न बघितलेले!

आणि दार बंद झालं

मग हे सगळं गेलं कुठे? तर, खेळाचे हक्क सोन्याच्या भावाने विकायला लागले. डब्ल्यूजीएनने देशभर कब्स दाखवणं २०१४ च्या सीझननंतर थांबवलं. स्थानिक वाहिनीवरचा शेवटचा सीझन २०१९ चा. एकाहत्तर वर्षांचं नातं संपलं. फेब्रुवारी २०२० मध्ये टीमने सिंक्लेअर कंपनीच्या भागीदारीत स्वतःचीच वाहिनी काढली, ‘मार्की’. स्टेडियमच्या त्या लाल पाटीवरूनच हे नाव. पण ही वाहिनी पैसे भरणाऱ्यांसाठी. शहरातल्या बड्या केबल कंपनीशी, कॉमकास्टशी, करार जमेना. तो झाला २४ जुलै २०२० ला. म्हणजे कोविडमुळे लांबलेला कब्सचा सीझन ज्या दिवशी सुरू झाला, अगदी त्याच दिवशी!

आता ब्लॅकआउटचं गणित. अमेरिकेचा नकाशा टीम्सनी आपापसात वाटून घेतलाय. ज्या टीमचा इलाका, तिथे तिच्या मॅचेस दाखवायचा हक्क तिच्या स्थानिक वाहिनीचा. त्या वाहिनीला धक्का लागू नये म्हणून एमएलबी डॉट टीव्ही त्या इलाक्यात त्या टीमची मॅच बंद ठेवतं. इलाका ठरतो तुमच्या पिनकोडवरून. तुमचं मन कुठल्या टीमचं आहे, ते कुणी विचारत नाही.

सगळ्यात जास्त हाल कुणाचे? आयोवाचे. या राज्याची स्वतःची एकही मेजर लीग टीम नाही. पण इलाका म्हणून सहा टीम्सनी त्यावर हक्क सांगितला : कब्स, व्हाइट सॉक्स, सेंट लुइस, मिलवॉकी, मिनेसोटा आणि कॅन्सस सिटी. त्यामुळे वर्षानुवर्षं आयोवातल्या माणसाला स्ट्रीमिंगचे पैसे भरूनही या सहाही टीम्स बंद. आणि कब्सची ज्युनियर टीम, आयोवा कब्स, खेळते कुठे? डे मॉइनमध्ये. तिथला पोरगा तिथून मोठा होऊन शिकागोला गेला, की त्याचा खेळ गावाला लॅपटॉपवर दिसायचा बंद! ज्या गावात रीगन तारेवरून मॅच ‘दाखवत’ होता, त्याच गावात. याला म्हणायचं प्रगती?

एक गंमत ऐका. तंत्रज्ञान कमी पडतंय म्हणून हे होत नाहीये. बेसबॉलने इंटरनेटवर पहिली मॅच दाखवली ती २६ ऑगस्ट २००२ ला, यूट्यूबचा जन्मही झाला नव्हता तेव्हा. त्यांनी घडवलेलं स्ट्रीमिंगचं तंत्र इतकं दणकट निघालं, की त्या कंपनीची मोठी हिस्सेदारी २०१७ मध्ये डिस्नेने घेतली आणि २०१९ मध्ये डिस्ने प्लस त्यावरच उभं राहिलं. म्हणजे जगाला स्ट्रीमिंग शिकवणाऱ्यांच्या स्वतःच्या गल्लीत अंधार!

कारण पैशाचं आहे. केबलच्या बिलात स्थानिक क्रीडा वाहिनीचे पैसे सगळ्यांकडून कापले जायचे, बेसबॉल बघणाऱ्या काकांकडून आणि फक्त कुकरी शो बघणाऱ्या काकूंकडूनही. मग लोकांनी केबल कापायला सुरुवात केली आणि गाडा डगमगला. अनेक टीम्सच्या वाहिन्या चालवणारी डायमंड स्पोर्ट्स ही कंपनी मार्च २०२३ मध्ये दिवाळखोरीत गेली. मे महिन्याच्या शेवटी तिने सॅन डिएगोच्या टीमचे पैसे थकवले, तेव्हा लीगने ते प्रक्षेपण स्वतःच्या हातात घेतलं आणि तिथला स्ट्रीमिंगचा ब्लॅकआउट उठला. ठरवलं तर बटण दाबण्याइतकं सोपं होतं म्हणायचं! मार्कीनेही २०२३ मध्ये थेट ग्राहकांसाठी अ‍ॅप काढलं, महिन्याला साधारण २० डॉलरचं. म्हणजे दार उघडलं, पण कुलूप काढायचे पैसे वेगळे.

आपल्याकडे २००७ चा कायदा आहे. राष्ट्रीय महत्त्वाच्या मॅचेसचं प्रक्षेपण खासगी वाहिन्यांना प्रसार भारतीबरोबर वाटून घ्यावं लागतं. दूरदर्शनच्या जाहिरातींना आपण कितीही नावं ठेवली, तरी गावच्या आजोबांना भारताची महत्त्वाची मॅच दिसते ती त्यामुळे. शिकागोच्या आजोबांसाठी असा कायदा नाही.

भिंतीवरची नावं

‘एवढं काय त्यात? मॅचच तर आहे. हायलाइट्स बघा की,’ असं म्हणणाऱ्यांसाठी २०१६ ची गोष्ट.

कब्सनी वर्ल्ड सीरिज जिंकली होती १९०८ मध्ये. त्यानंतर थेट २०१६. मधली १०८ वर्षं नुसती वाट बघणं! २ नोव्हेंबर २०१६ च्या रात्री, क्लीव्हलँडला, सातवी आणि शेवटची मॅच. नऊ इनिंग्जनंतर बरोबरी, मग १७ मिनिटं पाऊस, मग दहावी इनिंग आणि ८-७ ने विजय. शिकागोत रात्रीचे पावणेबारा वाजले होते. आपल्याकडे ३ तारखेचे सकाळचे सव्वादहा, भाऊबीज होऊन दोन दिवस झालेले, ऑफिसातल्या डेस्कवर फराळाचे डबे उघडलेले.

ही मॅच फॉक्सवर होती, म्हणजे शिकागोत साध्या अँटेनावर फुकट. त्यामुळे ती सगळ्यांनी बघितली, बारमध्ये, हॉस्पिटलच्या वेटिंग रूममध्ये, आजीच्या पलंगाशेजारी. आणि त्या दिवसांत लोक रिग्लीवर जाऊन स्टेडियमच्या विटांवर खडूने नावं लिहीत होते. स्वतःची नाहीत हो! बाबांची, आजोबांची, काकूंची. जे आयुष्यभर दुपारी टीव्ही लावून बसले आणि हा दिवस न बघताच गेले, त्यांची. बघता बघता अख्खी भिंत भरली.

टीम वारशाने मिळते ती अशी. कुणीतरी तुमच्या शेजारी बसून मॅच बघितलेली असते. आज ज्या घरात चॅनेल परवडत नाही, त्या घरातला आठ वर्षांचा मुलगा दप्तर टाकून काय लावणार? आणि पन्नास वर्षांनी भिंतीवर कुणाचं नाव लिहिणार? रिग्लीला १९२० च्या दशकात जे कळलं, ते आजच्या हिशेबनिसांना दिसत नाही, एवढीच तक्रार.

तर मग, बघायचं कुठे?

घरी : केबल किंवा स्ट्रीमिंग पॅकेज घेण्याआधी एकच प्रश्न विचारा, ‘यात मार्की आहे का?’ प्रत्येक पॅकेजमध्ये असतंच असं नाही. नसेल तर मार्कीचं अ‍ॅप. शुक्रवारच्या काही मॅचेस २०२२ पासून अ‍ॅपलकडे गेल्या आहेत. रविवार रात्रीची मॅच २०२६ ते २०२८ या तीन वर्षांच्या कराराने एनबीसी आणि पीकॉककडे गेली आहे. म्हणजे सगळ्या १६२ मॅचेस एकाच जागी मिळतील ही आशा सोडा!

अँटेना : एक साधा अँटेना आणून ठेवा. फॉक्सवरच्या राष्ट्रीय मॅचेस आणि वर्ल्ड सीरिज फुकट दिसते.

बारमध्ये : बेस्ट ऑप्शन! स्टेडियमसमोरच १९५३ पासूनचा ‘कबी बेअर’ आहे, मागच्या कोपऱ्यावर ‘मर्फीज ब्लीचर्स’. बाहेर गर्दीचा आवाज आणि आत स्क्रीनवर तीच मॅच, हा अनुभव घ्याच. बिअर नको असेल तर कोक घ्या, कुणी काही म्हणत नाही. दारूसाठी वय २१ लागतं, त्यामुळे ओळखपत्र जवळ ठेवा. हॉट डॉगवर केचप मात्र मागू नका, शिकागोत ते पाप आहे! व्हेज मंडळींनी आधी डेव्हन अ‍ॅव्हेन्यूवर समोसा-चाट हाणून यावं, आठेक किलोमीटरवर तर आहे.

रेडिओ : ६७० एएम. पॅट ह्यूज हा निवेदक १९९६ पासून कब्सची मॅच सांगतोय. शिकागोत रेडिओला ब्लॅकआउट नाही, पासवर्ड नाही, बिल नाही. ड्राइव्ह करताना लावा, महिन्याभरात बेसबॉल समजायला लागेल.

पुण्या-मुंबईत : आपल्याला इलाक्याची भानगडच नाही, एमएलबी डॉट टीव्ही घ्या. सीझनमध्ये शिकागोच्या वेळेत साडेदहा तास मिळवा. तिथली दुपारी १.२० ची मॅच आपल्याकडे रात्री ११.५० ला. रिग्लीवर रात्रीच्या मॅचेसवर महापालिकेची मर्यादा आहे, त्यामुळे शुक्रवारी दुपारच्या मॅचेस बऱ्याच असतात. म्हणजे आपला शुक्रवार मध्यरात्र, वीकेंडची ओपनिंग! तिथली संध्याकाळी ७.०५ ची मॅच इथे पहाटे ५.३५ ला. २०२३ पासून बॉल टाकायला घड्याळ लावलंय, त्यामुळे मॅच सरासरी २ तास ४० मिनिटांच्या आसपास संपते. सव्वाआठला आंघोळ, नऊची कंपनी बस. परफेक्ट!

आणि ज्यांच्याकडे यातलं काहीच नाही, त्यांच्यासाठी? रिग्लीच्या स्कोअरबोर्डावर कित्येक दशकांपासून मॅच संपली की झेंडा चढतो. जिंकले तर पांढऱ्यावर निळा डब्ल्यू, हरले तर निळ्यावर पांढरा एल. हा झेंडा ‘एल’ ट्रेनमधून घरी जाणाऱ्यांना निकाल कळावा म्हणून. संध्याकाळी ऑफिसमधून सुटाल, रेड लाइन पकडाल, अ‍ॅडिसन आलं की खिडकीतून बघा. डब्यातल्या सगळ्या माना एकदम त्याच बाजूला वळतील. त्यात तुमचीही वळली, की समजा, तुम्ही शिकागोकर झालात!